कबुलीजबाबाचे मोल

कुकडीच्या खोऱ्यातील पिंपळवंडी, आळे, नारायणगाव या बागायती पट्ट्यात विहिरीवरची मोटार अथवा तिची तांब्याची केबल रातोरात नाहीशी झाली, म्हणजे दुसऱ्या दिवशी पारावर जो विचारविनिमय होतो, त्यात फिर्याद कोणी द्यावी, पंच कोणी व्हावे आणि संशय कोणावर धरावा या सर्व बाबींवर मतभेद होतात; परंतु संशयित हाती लागल्यावर त्याचे काय करावे, याविषयी मात्र सहसा कोणाचे दुमत नसते. ‘आत घ्या, चार ठेवून द्या, आपोआप बोलेल’ हा निवाडा एकमुखाने होतो आणि जो अंमलदार तसे करीत नाही, तो एकतर नेभळट असावा किंवा चोराला सामील असावा, असा निष्कर्ष काढावयास मंडळींना फारसा वेळ लागत नाही. पोलिसी खाक्या म्हणून ज्याचा आपण काहीशा कौतुकाने उल्लेख करतो, तो खाक्या ठाण्याच्या चार भिंतींत चालत असला, तरी त्याला लागणारी संमती गावाच्या पारावरूनच पुरविली जाते. आपल्या देशाचा कायदा या संमतीच्या विरुद्ध उभा आहे. तो तसा का उभा आहे, कोठवर उभा आहे आणि कोठे ढिला पडतो, हे समजून घेणे म्हणूनच वकिलांपेक्षाही सामान्य नागरिकास अधिक अगत्याचे आहे.

बंदिवासाचा इतिहास आपल्या या जुन्नर तालुक्यास परका नाही. ज्या शिवनेरीवर शिवछत्रपतींचा जन्म झाला, त्याच किल्ल्यावर १७९४ पासून राघोबादादांचे पुत्र बाजीराव आणि चिमाजी आप्पा, तसेच दत्तकपुत्र अमृतराव, हे नाना फडणिसांच्या हुकमाने अटकेत होते. सवाई माधवराव आणि बाजीराव यांच्यामध्ये गुप्त पत्रव्यवहार चालतो हे उघडकीस आल्यावर तो पोहोचविणाऱ्या बळवंतराव नागनाथास स्वतःच कैदेत पडावे लागले आणि राजबंद्यांवरील पहाराही कडक झाला. तथापि त्यांच्या अंगास कोणी हात लावला नाही, आणि त्यांतील एक बंदिवान १७९६ साली शिवनेरीच्या कैदेतून निघून पुण्याच्या मसनदीवर बसला. त्याच नानांच्या कारभारात, ही कैद सुरू होण्याच्या तीन वर्षे आधी, १७९१ च्या ऑगस्टअखेरीस पुण्याच्या घाशीराम कोतवालाने चोरीच्या संशयावरून तीसहून अधिक तेलंगी ब्राह्मण एका कोंदट जागेत कोंडले, आणि दार उघडले तेव्हा त्यांपैकी वीसहून अधिक जण गुदमरून मेलेले आढळले. एकाच सत्तेच्या दोन कोठड्यांत एवढे अंतर पडले, याचे कारण बंदिवानांच्या अपराधात नव्हते, त्यांच्या दर्जात होते. ज्याच्या मागे घराणे आहे त्याचे शरीर सुरक्षित, आणि ज्याच्या मागे कोणी नाही त्याचे शरीर कोतवालाच्या मर्जीवर!

त्या प्रकरणाचा शेवटही विचार करण्याजोगा आहे. संतप्त जमाव नानांच्या दारी लोटला, कोतवालाची शहरातून धिंड निघाली आणि अखेर दगडांनी ठेचून त्याचा प्राण घेण्यात आला. पुण्याने हा न्याय मानला आणि पुढे मोरोबा कान्होबांच्या कादंबरीपासून विजय तेंडुलकरांच्या नाटकापर्यंत घाशीराम आपल्या वाङ्मयात अजरामर झाला. परंतु त्यापूर्वीच्या चौदा वर्षांच्या कोतवालीत त्या कोठड्यांमध्ये आणखी काय काय घडले, कोणाच्या नजरेआड घडले, आणि यापुढे ते घडू नये म्हणून कोणता बंदोबस्त केला, हे प्रश्न कोणी विचारलेच नाहीत. क्रौर्याने फक्त हात बदलला. ज्या समाजात कोठडीवर देखरेख करणारी संस्था नसते, तेथे सूड हाच एकमेव उपाय उरतो आणि सूड उगविल्यावर सर्वजण निश्चिंत होऊन घरी जातात.

मारहाणीने सत्य बाहेर येते, या समजुतीविषयीची शंका मात्र आपल्याकडे फार प्राचीन आहे. कौटिल्याच्या अर्थशास्त्रातील ‘कंटकशोधन’ या चौथ्या अधिकरणात संशयितास क्लेश देऊन चौकशी करण्याचे प्रकार सविस्तर सांगितले आहेत, हे खरे. परंतु तेथेच त्या कठोर राजनीतिज्ञाने अणिमांडव्याचा दाखला देऊन बजावले आहे, की क्लेशाच्या भयाने चोर नसलेला मनुष्यही आपण चोर असल्याचे सांगतो, म्हणून पुरावा पूर्ण झाल्याखेरीज दंड देऊ नये. त्याच अधिकरणात बंदीगृहाच्या अध्यक्षासाठीही दंडाचे कोष्टक आहे: बंदिवानाचे अन्नपाणी तोडल्यास शहाण्णव पण, आणि त्याचा प्राण घेतल्यास एक हजार पण. पुढे कित्येक शतकांनी, १७६४ साली, इटलीतील बेक्कारिया याने हाच मुद्दा तर्काच्या टोकास नेला. छळाने अपराधाची परीक्षा होत नसून सहनशक्तीची होते. सबब धट्टाकट्टा गुन्हेगार सुटतो आणि दुबळा निरपराधी अडकतो, असे त्याचे प्रतिपादन होते. युरोपातील एकामागून एक राज्याने पुढील काही दशकांत न्यायालयीन छळाची पद्धत रद्द केली, त्यामागे या युक्तिवादाचा वाटा मोठा होता.

हिंदुस्थानात कंपनी सरकारला ही जाग उशिरा आली. मद्रास इलाख्यात सारावसुलीसाठी आणि गुन्ह्याच्या कबुलीसाठी सर्रास छळ होतो, असा बोभाटा विलायतेच्या पार्लमेंटपर्यंत गेल्यावर नेमलेल्या आयोगाने १८५५ साली जो अहवाल दिला, त्यात रयतेस उन्हात उभे करणे, वाकवून बांधून ठेवणे, लाकडी चिमट्यात बोटे दाबणे अशा प्रकारांची साद्यंत नोंद आहे. त्या अहवालाचे एक टिकाऊ फळ म्हणजे पोलिसासमोर दिलेली कबुली आरोपीविरुद्ध पुराव्यात घेऊ नये, हा नियम. तो प्रथम १८६१ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत आला आणि पुढे जेम्स फिट्झजेम्स स्टीफन यांनी रचिलेल्या १८७२ च्या पुरावा कायद्यात कलम २५ व २६ म्हणून स्थिरावला. उन्हातान्हात पुरावा शोधीत हिंडण्यापेक्षा सावलीत बसून संशयिताकडून वदवून घेणे सोपे पडते, हे मनुष्यस्वभावातील आळसाचे मर्म त्या काळच्या अधिकाऱ्यांनी ओळखले होते, आणि म्हणून अशा मार्गाने मिळविलेल्या मालास बाजारच ठेवावयाचा नाही, असा कायद्याने निश्चय केला. १ जुलै २०२४ पासून अंमलात आलेल्या भारतीय साक्ष अधिनियमात हाच नियम कलम २३ मध्ये कायम आहे.

परंतु एका दाराला कुलूप लावताना दुसरी एक फट त्याच कायद्याने ठेवली. आरोपीने दिलेल्या माहितीवरून एखादी वस्तू प्रत्यक्ष सापडली, तर त्या माहितीचा तेवढा भाग पुराव्यात घेता येतो. जुन्या कायद्याचे सुप्रसिद्ध कलम २७ ते हेच. ‘कोयता अमुक ओढ्यात टाकला आहे’ हे निवेदन आणि पंचांसमक्ष ओढ्यातून निघालेला कोयता, यांची सांगड घातली, म्हणजे खटल्यास बळ येते. आणि म्हणूनच तो ओढा आरोपीच्या तोंडून वदवून घेण्याचा मोह तपासी अंमलदारास पडतो. ‘मुंबई राज्य विरुद्ध काठी कालू ओघड’ या १९६१ च्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाच्या अकरा न्यायमूर्तींच्या पीठाने हे कलम घटनेशी सुसंगत ठरविले, पण जबरदस्तीने मिळविलेल्या माहितीस घटनेच्या अनुच्छेद २०(३) चा अडसर राहील, हेही सांगितले. महाराष्ट्रात त्यानंतर आणखी एक अपवाद निर्माण झाला. संघटित गुन्हेगारीविरुद्धच्या १९९९ च्या कायद्याने, ज्यास आपण ‘मोक्का’ म्हणतो, पोलीस अधीक्षक वा त्याहून वरच्या दर्जाच्या अधिकाऱ्यासमोरील कबुली पुराव्यात ग्राह्य धरली. कबुलीपूर्वी आरोपीस सावध करण्याच्या अटी त्यात आहेत. तरीही अव्वल इंग्रजी अमदानीत जो अविश्वास फौजदारापासून थेट वरिष्ठ हुद्देदारापर्यंत सर्वांस सारखा लागू होता, तो येथे हुद्द्याच्या पायरीवर थांबला, हे नोंदविणे भाग आहे.

स्वातंत्र्योत्तर काळात बंदिवानाच्या हक्कांची जी इमारत उभी राहिली, तिचे काही पायाचे दगड महाराष्ट्राने पुरविले आहेत, याची जाणीव आपल्यापैकी थोड्यांनाच असेल. मार्क्सवादी कार्यकर्ते प्रभाकर पांडुरंग संझगिरी हे भारत संरक्षण नियमांखाली मुंबईच्या तुरुंगात स्थानबद्ध असताना त्यांनी ‘अणूच्या अंतरंगात’ हे निव्वळ शास्त्रीय विषयावरील पुस्तक मराठीत लिहिले आणि ते प्रसिद्धीसाठी बाहेर धाडण्याची अनुज्ञा मागितली. सरकारने ती नाकारली. स्थानबद्धतेच्या नियमावलीत पुस्तक लिहून बाहेर पाठविण्याचा हक्क कोठेही दिलेला नाही, सबब तो नाही, असा सरकारचा बिनतोड भासणारा युक्तिवाद होता. मुंबई उच्च न्यायालयाने आणि त्यानंतर सप्टेंबर १९६५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो फेटाळला. नियमावली बंदिवानास सवलती बहाल करीत नाही, ती त्याच्या स्वातंत्र्यावर मर्यादा घालते. जेवढी मर्यादा कायद्याने स्पष्टपणे घातली तेवढीच त्याच्या स्वातंत्र्यात घट होते, बाकीचे त्याचे त्याच्यापाशी राहते, हे त्या निर्णयाचे सार होय. अणूचे अंतरंग शोधणाऱ्या एका मराठी पुस्तकाच्या निमित्ताने कोठडीतील माणसाचे कायदेशीर अंतरंग असे प्रकाशात आले. मनुष्य तुरुंगात जाताना आपले मनुष्यत्व दारावर जमा करून जात नाही, हा विचार एकदा स्वीकारला, की छळबंदीचे सारे कायदेशास्त्र त्यातून क्रमाने निष्पन्न होते.

दुसरा दगड पत्रकार शीला बर्से यांच्या एका पत्राचा. १९८२ साली त्यांनी मुंबईच्या मध्यवर्ती कारागृहातील पंधरा स्त्री-बंदिवानांच्या मुलाखती घेतल्या, आणि त्यांपैकी पाच जणींनी पोलीस कोठडीत मारहाण झाल्याचे सांगितल्यावर तो वृत्तान्त त्यांनी सर्वोच्च न्यायालयास कळविला. न्यायालयाने त्या पत्रालाच अर्ज मानले, निर्मला निकेतन या समाजकार्य महाविद्यालयाच्या संचालिका डॉ. देसाई यांना तुरुंगात जाऊन पाहणी करावयास सांगितले, आणि फेब्रुवारी १९८३ मध्ये न्यायमूर्ती भगवती यांच्या पीठाने आदेश दिले: स्त्रियांसाठी स्वतंत्र कोठड्या असाव्यात व त्यांवर स्त्री-शिपायांचा पहारा असावा, स्त्रीची चौकशी स्त्री-पोलिसांच्या उपस्थितीतच व्हावी, न्यायाधीशांनी कोठड्यांना अचानक भेटी द्याव्यात, आणि अटक केलेल्या इसमास समोर आणल्यावर न्यायदंडाधिकाऱ्याने छळाची काही तक्रार आहे काय, हे त्यास आपण होऊन विचारावे. तेरा वर्षांनी, १९९६ च्या डिसेंबरात, पश्चिम बंगालमधील डी. के. बसू यांच्या अर्जावर जे अकरा निर्देश निघाले आणि आज देशातील प्रत्येक ठाण्यास लागू आहेत, त्यांची पूर्वपीठिका या मुंबईच्या निर्णयात दिसते.

हे निर्देश आणि त्यांना पुढे विधिमंडळाने दिलेले रूप यांचा पिंपळवंडीच्या रहिवाशास व्यवहारात अर्थ काय, हे आता पाहू. समजा, गावातील एखाद्या तरुणास आळेफाटा ठाण्याच्या अंमलदारांनी अटक केली. अटक करणाऱ्याच्या छातीवर त्याचे नाव स्पष्ट वाचता आले पाहिजे. अटकेची वेळ व तारीख नोंदवून पंचनामा झाला पाहिजे. त्यावर कुटुंबातील एकाची अथवा गावच्या एखाद्या प्रतिष्ठित व्यक्तीची साक्ष आणि अटक झालेल्याची स्वाक्षरी हवी. त्याला कोठे ठेवले आहे, हे नातेवाइकास वा मित्रास कळविणे आणि तशी नोंद ठाण्याच्या दप्तरात करणे बंधनकारक आहे. सरकारी वैद्यकीय अधिकाऱ्याकडून त्याची तपासणी व्हावी, अंगावरील जखमा नोंदवाव्यात आणि अहवालाची प्रत त्यालाही मिळावी. कोठडीत असेतो दर अठ्ठेचाळीस तासांनी ही तपासणी पुन्हा व्हावी. चौकशी चालू असताना, ती संपेपर्यंत सतत नसला तरी, वकिलास भेटण्याचा त्यास हक्क आहे. आणि या सर्वांवर कळस म्हणजे घटनेच्या अनुच्छेद २२ ने घातलेली चोवीस तासांची मुदत: प्रवासाचा वेळ वगळून तेवढ्या अवधीत त्यास न्यायदंडाधिकाऱ्यासमोर, म्हणजे आपल्या तालुक्यापुरते बोलायचे तर जुन्नरच्या न्यायालयात, उभे केलेच पाहिजे.

तेथील ती पाच-दहा मिनिटे, कायद्याच्या साऱ्या ग्रंथसंभाराहून अधिक मोलाची आहेत. न्यायदंडाधिकारी मान वर करून त्या माणसाकडे पाहतो, त्याची चाल आणि चेहरा न्याहाळतो, त्याच्या मागे उभ्या असलेल्या पोलिसास थोडे दूर व्हावयास सांगून प्रश्न विचारतो, की कागदावर सही करून पुढील प्रकरण पुकारतो, यावर त्या माणसाची पुढील रात्र अवलंबून असते. कबुलीच्या बाबतीत तर कायद्याने एक सुंदर तजवीज केली आहे: कबुली देण्यासाठी समोर आणलेल्या आरोपीने ऐनवेळी ती देण्यास नकार दिला, तर न्यायदंडाधिकाऱ्याने त्यास पुन्हा पोलीस कोठडीत धाडावयाचे नाही. ‘नाही’ म्हटल्याबद्दल त्याला किंमत मोजावी लागू नये, म्हणून ही योजना. उलट, २०२३ च्या नव्या नागरिक सुरक्षा संहितेने पोलीस कोठडीचे पंधरा दिवस एकदम घेण्याऐवजी पहिल्या चाळीस वा साठ दिवसांत तुकड्या-तुकड्यांनी मागण्याची मुभा दिली आहे. तपासाची सोय म्हणून ती समर्थनीय ठरविली, तरी कारागृहात गेलेला मनुष्य पुन्हा ठाण्यात परतू शकतो, ही टांगती तलवार त्यामुळे लांबली, हे नाकारता येत नाही.

नियम असे काटेकोर असूनही छळ का थांबत नाही, याचे उत्तर शोधताना छळ कोणाचा होतो, हे पाहिले पाहिजे. १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याने काही जमातींस जन्मतः गुन्हेगार ठरविले. तो कायदा ऑगस्ट १९५२ अखेर रद्द झाला, पण चोरी झाली की प्रथम पारध्याच्या पालावर जाण्याची वहिवाट त्याबरोबर रद्द झाली नाही. आपल्याच पुणे जिल्ह्यात, बारामतीस, जून १९९८ मध्ये पिन्या हरी काळे या पारधी इसमाचा पोलिसांच्या मारहाणीनंतर मृत्यू झाला, तेव्हा ‘उचल्या’कार लक्ष्मण गायकवाड, महाश्वेता देवी आणि गणेश देवी यांनी विमुक्तांच्या हक्कांसाठी उभारलेल्या चळवळीने त्या मृत्यूचा जाब विचारला. ‘उचल्या’ला १९८८ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला आणि मध्यमवर्गाने त्यातील पोलिसी मारहाणीची वर्णने हळहळत वाचली, परंतु स्वतःच्या गावात पालावर धाड पडताना ती हळहळ क्वचितच आठवली. शिवनेरी आणि पुण्याची कोतवाली यांतील अंतर अद्याप मिटलेले नाही.

पोलिसांची बाजूही ऐकली पाहिजे. मोठ्या हद्दीसाठी अपुरे मनुष्यबळ, न्यायवैद्यक प्रयोगशाळेच्या अहवालाची प्रदीर्घ प्रतीक्षा, वरिष्ठांकडून उकल दाखविण्याचा तगादा आणि पुढाऱ्यांचे फोन, अशा कात्रीत सापडलेला हवालदार लाठीस शॉर्टकट मानतो. परंतु यावरील उपाय साधने देणे हा आहे, लाठीकडे डोळेझाक करणे हा नव्हे. खोट्या कबुलीने एक निरपराधी आत जातो एवढ्यावर अनर्थ थांबत नाही, खरा अपराधी बाहेर राहतो आणि पुढील मोटार चोरावयास मोकळा होतो. म्हणजे ज्या शेतकऱ्याच्या नावाने मारहाण झाली, त्याचीच त्यात फसवणूक होते.

येथे नेहमीचा आक्षेप पुढे येतो: चोराचे सोडा, पण शेकडो प्राण घेणाऱ्या दहशतवाद्याचे काय? या आक्षेपास मुंबईनेच उत्तर देऊन ठेवले आहे. २६ नोव्हेंबर २००८ च्या हल्ल्यात जिवंत सापडलेल्या अजमल कसाबवर उघड कोर्टात खटला चालला, त्याला वकील दिला गेला, त्याची कबुली न्यायदंडाधिकाऱ्यासमोर विधिपूर्वक नोंदविली गेली, आणि ऑगस्ट २०१२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने शिक्षा कायम केल्यावर त्याच वर्षी २१ नोव्हेंबरला येरवड्यात त्याला फाशी झाली. तो निर्णय आज जगापुढे ठेवताना आपल्याला काही लपवावे लागत नाही, ते याच विधिपूर्वकतेमुळे. याउलट अमेरिकेने ११ सप्टेंबरनंतर आपल्या गुप्तहेर खात्यास छळाची मोकळीक दिली, आणि त्याच देशाच्या सिनेटच्या समितीने डिसेंबर २०१४ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अहवालात तो मार्ग माहिती मिळविण्याचे परिणामकारक साधन ठरला नाही, असा निष्कर्ष काढला.

तथापि आपल्या घरातील उणिवाही लहान नाहीत. कबुलीसाठी दुखापत करणे हा भारतीय न्याय संहितेच्या कलम १२० अन्वये सात वर्षांपर्यंत, आणि दुखापत गंभीर असल्यास दहा वर्षांपर्यंत कारावासाचा गुन्हा आहे. पण छळ या नावाचा स्वतंत्र, सर्वंकष गुन्हा आपल्या कायद्यात नाही. छळविरोधी आंतरराष्ट्रीय करारावर भारताने १९९७ च्या ऑक्टोबरात सही केली, अनुसमर्थन मात्र आजवर दिलेले नाही. त्यासाठीचे विधेयक मे २०१० मध्ये लोकसभेत संमत झाले, राज्यसभेच्या प्रवर समितीने ते अधिक कडक करून दिले आणि अखेर लोकसभेच्या मुदतीबरोबर ते लयास गेले. विधी आयोगाने २०१७ च्या २७३व्या अहवालात पुन्हा मसुदा दिला. तोही कपाटात आहे. कोठडीत झालेल्या इजेची जबाबदारी पोलिसांवर गृहीत धरावी, ही आयोगाची १९८५ सालची शिफारसही तशीच पडून आहे. तळोज्याच्या कारागृहात कंपवाताने हात थरथरणाऱ्या त्र्याऐंशी वर्षांच्या फादर स्टॅन स्वामींना २०२० साली पाणी पिण्याच्या नळीसाठी न्यायालयात अर्ज करावा लागला, आणि परभणीत डिसेंबर २०२४ मध्ये न्यायालयीन कोठडीत मरण पावलेल्या सोमनाथ सूर्यवंशी या कायद्याच्या विद्यार्थ्याच्या प्रकरणी पोलिसांविरुद्ध गुन्हा नोंदवावा, एवढ्यासाठी त्याच्या आईस उच्च न्यायालयात जावे लागले. जुलै २०२५ मध्ये मिळालेला तो आदेश सर्वोच्च न्यायालयाने कायम केला.

कायदा दिल्लीत सुधारेल तेव्हा सुधारेल. पण त्यापूर्वी गावास करण्याजोगे काही आहे. अटक झाल्याचे कळताच पोलीस पाटील, सरपंच किंवा दोन शहाणे गृहस्थ ठाण्यात जाऊन अटकेची वेळ आणि पंचनामा विचारू शकतात. तालुका विधी सेवा समितीकडे विनामूल्य वकील मागू शकतात. जुन्नरच्या न्यायालयात त्या माणसाच्या हजेरीच्या वेळी उपस्थित राहू शकतात. आपला मनुष्य असता तर हे आपण केलेच असते. पालावरच्या माणसासाठीही ते करावे, एवढीच मागणी आहे. आणि पारावर पुन्हा कोणी ‘चार ठेवून द्या’ म्हणाला, तर त्याला तेथल्या तेथे हटकावे. कारण त्या चार फटक्यांना सर्वात आधी परवानगी देणारे आपणच असतो.